लुकलुकमायची पाठ

देवी मी केली. हे आधीच सांगून टाकते, म्हणजे पुढं कुणी माझी कीव करायला नको. लुकलुकमाय नावाची देवी कुठल्या पोथीत नाही, तिचं देऊळ नाही की जत्रा नाही. वाटूरजवळच्या आमच्या खेड्यात, घरामागच्या तुराट्यांच्या गंजीआड, मी ती वयाच्या अकराव्या वर्षी केली आणि माझ्या धाकट्या बहिणीला दिली. धाकटीला जाऊन आता दोन वर्षं होतील. या दोन गोष्टींचा एकमेकींशी काय संबंध, ते सांगायला बसले आहे.

आमच्या घरात देव नव्हता. आजोबांनी धम्म घेतला तेव्हाच घरातले देवांचे टाक फडक्यात बांधून नदीत सोडून दिले होते. आमचे वडील, दादा, प्राथमिक शाळेत मास्तर. भिंतीवर दोन तसबिरी, त्यांच्याखाली पुस्तकांची फळी, सकाळी वंदना, आणि दिवसभर दादांचं एकच पालुपद, ‘डोकं वापरा.’ मला त्याचा अभिमान होता, आजही आहे. दादांनी आमचं बालपण हिरावलं वगैरे रडगाणं मी गात नाही, तसं कुणी समजूही नये. पण मैत्रिणींच्या घरी घट बसायचे, कुणाकडं खंडोबाची तळी उचलायचे, कुणाच्या देव्हाऱ्यात हाताएवढी घंटा होती. ‘तुमच्याकडं काय बसवतात गं?’ असं कुणी विचारलं की माझ्या अंगाचा तिळपापड व्हायचा. आमच्याकडं काहीच बसवत नव्हते. आमच्याकडं फक्त आम्हीच बसायचो, अभ्यासाला.

मंग मी ठरवलं, आपली आपण करायची. फुटक्या पाटीचा एक काळा तुकडा घेतला. मायच्या शालूच्या सुटलेल्या टिकल्या होत्या, त्या बाभळीच्या डिंकानं त्यावर चिकटवल्या. झालं आभाळ. आणि ज्या बाईचं हे आभाळ, ती लुकलुकमाय. हे नाव धाकटीनं ठेवलं. ती तेव्हा सात वर्षांची होती.

तिचं काम काय, हे मात्र मी ठरवलं. माय तेव्हा ओसरीत तुरी पाखडत होती, ते बघून सुचलं. लुकलुकमाय रोज संध्याकाळी सूप घेऊन बसते आणि चांदण्या पाखडते. हलक्या असतात त्या उडून खाली येतात, त्यांची स्वप्नं होतात. जड असतात त्या सुपातच राहतात, ते आपलं नशीब. धाकटीनं विचारलं, ‘आणि खडे?’ मी म्हणाले, खडे ती निवडून फेकते. तेवढ्यावर तिचं समाधान झालं. ती फार लवकर समाधान मानणारी पोर होती आणि मी त्याचा आयुष्यभर फायदा घेतला.

देवी म्हटली की नियम आले. स्वप्न पडलं की चूळ भरायच्या आत सांगायचं, आणि एकाच माणसाला सांगायचं. तो माणूस अर्थातच मी. अर्थ मी सांगायचे. कधी म्हणायचे डाव्या अंगाला चांदणी दिसली तर चांगलं, कधी म्हणायचे उजव्या. तोंडाला येईल ते ठोकून द्यायचे. ती मान डोलवायची आणि मंग चूळ भरायला जायची.

एका रविवारी दादांना गंजीआड ती पाटी सापडली. हळदीचं बोट लावलेलं, पुढं दोन शेंगदाणे. दादा मारणारे नव्हते. त्यांनी पाटी हातात धरून शांतपणे विचारलं, ‘हे कुणी केलं?’ माझ्या तोंडाला कुलूप. धाकटी पुढं झाली आणि म्हणाली, ‘मी.’ दादांनी तिला समोर बसवून वहीत वीस वेळा लिहायला लावलं, ‘मी डोक्यानं विचार करीन.’ तिला जोडाक्षरं नीट येत नव्हती, दुपार गेली तिची. मी शेजारी बसून भूगोल वाचत होते. पाटीचा तुकडा दादांनी विहिरीत टाकला.

त्यानंतर लुकलुकमायला रूप उरलं नाही. ती फक्त आमच्या दोघींच्या बोलण्यात राहिली, सकाळी, चूळ भरायच्या आत. तेवढंच राहिलं म्हणून ते टिकलं, असं मला वाटतं. जे दिसत नाही ते कोण विहिरीत टाकणार?

आता तो नियम सांगते, ज्याच्यापायी हे सगळं.

आमची मावशी जाफराबादला राहायची. काका तिथं हायस्कुलात शिक्षक. मावशीला मूलबाळ नव्हतं. पाटी विहिरीत गेली त्याच उन्हाळ्यात ती आली आणि मायला म्हणाली, ‘धाकटीला मला दे शिकायला. तिथं शाळा बराबर हाय, मी नीट बघीन.’ दादांना पटलं. माय थोडी रडली, पण तिलाही पटलं. जायचा दिवस ठरला, नवीन फ्रॉक शिवून आला. मला कुणी विचारलं नाही. मावशी मला न मागता तिला मागते याचा राग होताच, पण खरं सांगायचं तर रागापेक्षा भीती जास्त होती. ती गेल्यावर मी एकटी त्या घरात करणार काय होते?

जायच्या दिवशी पहाटे धाकटी उठून माझ्या पांघरुणात आली. म्हणाली, ‘अक्का, लुकलुकमाय दिसली. रानातून म्होरं म्होरं चालून राह्यली होती.’

मी विचारलं, ‘तोंड दिसलं का पाठ?’

‘पाठ.’

‘मंग जायचं न्हाई,’ मी म्हणाले. ‘पाठ दिसली की घर सोडायचं न्हाई. ती तोंड फिरवीपर्यंत कुठंच न्हाई जायचं. गेलं तर माणूस परत येत न्हाई.’

असं सहज. अंथरुणात पडल्या पडल्या, एक हात उशीखाली.

सकाळी धाकटीनं ओसरीच्या खांबाला जी मिठी मारली ती काही केल्या सोडेना. मावशीनं समजावलं, मायनं धपाटा घातला, दादांनी पेढा देऊ केला. का जात नाहीस, तर सांगेना. सांगायची सोयच नव्हती, देवीचं नाव घेतलं असतं तर पुन्हा वही आली असती. शेवटी एस.टी. निघून जाईल म्हणून मावशी एकटीच गेली. मी आत चुलीपाशी बसून होते आणि मला आनंद झाला होता. तो आनंद मला अजून आठवतो, त्याची मला शिसारी येते.

पुढं काय झालं? बारावीनंतर डी.एड.ला मी गेले जाफराबादला. मावशीकडंच राहिले. मावशीनं मला पोटच्या पोरीसारखं वागवलं. तिथंच नोकरी लागली, तिथंच लग्न, तिथंच घर. धाकटी गावच्या शाळेत दहावीपर्यंत शिकली, मंग तिला तीर्थपुरीला दिली. माणूस भला मिळाला, काळीपिवळी जीप चालवतो, निर्व्यसनी. पण गणितात ती माझ्यापेक्षा हुशार होती. तिच्या जागी मी मास्तरीण झाले. तिनं एकदाही तसं बोलून दाखवलं नाही.

मोबाइल आले तसा तिचा फोन सुरू झाला. रोज पहाटे, पाच-साडेपाचला. ‘अक्का, चूळ भरली न्हाई ना अजून?’ एवढ्यावरून बोलणं सुरू. आधी एखादं स्वप्न, मंग पोरांचं, सासूचं, कापसाचं. माझा नवरा चेष्टा करायचा, ‘झालं का आकाशवाणी केंद्र सुरू?’ स्वप्नं तिची साधी असायची. विहीर, शेळी, दादा सायकलवरून येताहेत. मी अर्धवट झोपेत काहीतरी अर्थ सांगायचे. ‘चांगलं हाय, पाहुणा येईल.’ ती म्हणायची, ‘बरं.’ पंधरा वर्षं असं चाललं. दादा गेले, माय गेली, फोन चालू राहिला.

मंग एका सकाळी तिनं स्वप्न सांगितलंच नाही. म्हणाली, ‘अक्का, मला छातीत गाठ लागून राह्यली.’

तपासण्या झाल्या. शहरातल्या दवाखान्यात तुकडा काढून तपासायला दिला, त्याचा कागद आला. डॉक्टरांनी स्पष्ट सांगितलं, कागदावर लिहूनही दिलं, पंधरा दिवसांच्या आत ऑपरेशन करा, लवकर सापडलंय, बाई बरी होईल. हे तिनं मला फोनवर जसंच्या तसं सांगितलं. म्हणजे मला सगळं माहीत होतं. नंतर पुष्कळांनी मला विचारलं, तुम्हाला कल्पना होती का? होती. मी कुणापासून लपवत नाही.

मी म्हणाले, ‘घाबरू नको. तारीख घे, मी रजा टाकते.’ ती बरं म्हणाली.

दोन दिवसांनी पहाटे फोन आला. ‘अक्का, चूळ भरली न्हाई ना?’

‘न्हाई. बोल.’

‘लुकलुकमाय दिसली. पाठ दिसली.’

मी अंथरुणात उठून बसले. पस्तिशी उलटलेली बाई, दोन लेकरांची आई, आणि ती मला हे सांगून राह्यली. त्या क्षणी मला एकच वाक्य बोलायचं होतं. ते वाक्य असं, बाई गं, तो नियम खोटा हाय, तू जाऊ नये म्हणून मी केला. पण ते बोलायचं म्हणजे सगळंच बोलायचं. खांबाला मारलेली मिठी, मावशीचं घर, माझी नोकरी, तिची दहावी. माझी जीभ उचलेना. मला वाटलं, हे आत्ता सांगितलं तर ती माझ्याशी पुन्हा बोलणार नाही. ऑपरेशनच्या तोंडावर तिचा माझ्यावरचा विश्वास कशाला मोडायचा, अशी वर मी स्वतःची समजूतही घातली. शहाणपणाला काय, हवं ते कारण सापडतं.

मी म्हणाले, ‘थांब मंग दोन दिवस. फिरेल ती.’

ती म्हणाली, ‘बरं.’

दोन दिवसांचे चार झाले. रोज पहाटे मी विचारायचे, ‘फिरली का?’ ती म्हणायची, ‘न्हाई अजून.’ मी म्हणायचे, ‘परवा बघ.’ मला खरंच वाटायचं की एखाद्या पहाटे तिला ते तोंड दिसेल, आपोआप, आणि मला काही बोलावं लागणार नाही. नवरा त्या दिवशी दवाखान्याबाहेर गाडीत थांबला होता, त्याला तिनं सांगितलं की डॉक्टरांनी कापूस घरात आल्यावर या म्हणून सांगितलंय. तो बिचारा कागद वाचत बसणारा नव्हता. त्यानं मला विचारलं असतं तर? पण त्यानं विचारलं नाही, आणि मी आपणहून सांगितलं नाही. माझाही जीव टांगणीला होता, पण माझा जीव टांगणीला असून उपयोग काय? गाठ माझ्या अंगात नव्हती.

त्याच दिवसांत आमच्या शाळेत अंधश्रद्धेवर कार्यक्रम होता. तो मीच घेतला. नारळातून आग काढून दाखवली, लिंबातून रक्त काढून दाखवलं, त्यामागचं रसायन फळ्यावर लिहिलं. पोरं टाळ्या वाजवत होती. मुख्याध्यापक म्हणाले, ‘मॅडम, तुमचा हात या विषयात कुणी धरणार नाही.’ मी घरी आले आणि मोरीत जाऊन ओकले.

सव्वादोन महिने गेले. एका दुपारी तिच्या नवऱ्याचा फोन आला. कपाटात त्याला तो कागद सापडला होता आणि त्यानं शेजारच्या मास्तरांकडून वाचून घेतला होता. त्याचा आवाज फाटला होता. ‘अक्का, पंधरा दिवस लिहिलंय हो यात. पंधरा दिवस लिहिलंय.’ मी मिळेल ती जीप, मिळेल ती बस करत संध्याकाळपर्यंत तीर्थपुरीला पोचले. दुसऱ्या दिवशी त्यानं स्वतःच्या गाडीतून आम्हाला शहरात नेलं. धाकटी काही न बोलता चढली. ना देवी, ना पाठ, ना तोंड. मला नवल वाटलं, पण त्या घाईत मी त्याचा विचार केला नाही.

डॉक्टरांनी नवे फोटो पाहिले आणि विचारलं, ‘एवढे दिवस कुठं होता तुम्ही?’ त्यांनी ते तिच्या नवऱ्याकडं बघून विचारलं. तो मान खाली घालून उभा राहिला. मी त्याच्या शेजारी उभी होते आणि त्याला एकट्याला मान खाली घालू दिली. गाठ काखेत उतरली होती, तिथून पुढं यकृतात. ऑपरेशन झालं. औषधाच्या बाटल्या चढल्या. केस गेले, भुवया गेल्या. काही दिवस बरे जायचे, मंग पुन्हा दवाखाना.

शेवटच्या उन्हाळ्यात मी रजा टाकून तीर्थपुरीला जाऊन राहिले. एके दिवशी जेवणाच्या आधी मी ओसरीत तिची नखं कापत बसले होते. औषधानं नखं काळी आणि ठिसूळ झाली होती, फार जपून कापावी लागायची. पोरं शाळेत, नवरा गाडीवर, सासू शेजारी गेल्ती. कुणी नव्हतं. मी नेलकटर थांबवला आणि एकदाचं बोलून टाकलं.

‘लुकलुकमायचा तो पाठीचा नियम खोटा होता. तू मावशीकडं जाऊ नये म्हणून मी केल्ता.’

बोलले आणि डोळे मिटून घेतले. आता ही ओरडेल, रडेल, घरातून चालती हो म्हणेल. काहीही म्हणाली असती तरी मला चाललं असतं.

‘मला म्हाईत हाय की,’ ती म्हणाली.

मी डोळे उघडले.

‘सातवीत होते तवाच कळलं मला. कधी डावी म्हणायचीस, कधी उजवी. तुझ्याच ध्यानात राहत नव्हतं.’ ती हसली. बिनभुवयांचा चेहरा हसला की ओळखू येत नसे, पण ते हसू तिचंच होतं.

‘मंग इतकी वर्षं फोन कामून करायचीस?’

‘तुझ्याशी बोलायला. नुसतं बोलायला म्हणून रोज फोन केला असता तर तू उचलला असतास का? म्हणली असतीस, मला शाळा हाय.’

खरं होतं. अगदी खरं होतं.

‘आणि ऑपरेशनच्या टायमाला?’ मी विचारलं. ‘तुला तर पाठ दिसली होती ना?’

ती आपल्या बोटांकडं बघत राहिली. ‘काही दिसलं बिसलं नव्हतं. सपानच पडलं नव्हतं, अक्का. मला बिलकुल झोप येत नव्हती तवा. भेव वाटत होतं मला. कापून काढतील म्हणून भेव वाटत होतं, पोरं ल्हान हायेत म्हणून भेव वाटत होतं. कुणाला सांगू? म्हणलं अक्काला म्हणावं पाठ दिसली. म्हणजे अक्का म्हणेल, गप गं, ती फिरली, मला दिसली, ऊठ, जल्दी बॅग भर, मी येऊन राह्यले. देवी तुझीच होती ना. तू म्हणशील तशी फिरली असती.’

मी तिच्या मांडीवरची कापलेली नखं गोळा करत राहिले.

‘तू म्हणलीस, थांब. मला वाटलं, अक्का शिकलेली हाय. अक्काला माझ्यापेक्षा जास्त कळतं. तीच थांब म्हणती तर काहीतरी असंल. मंग मी थांबले. रोज वाट बघायचे, आज म्हणेल, उद्या म्हणेल. तू आपली रोज मलाच इचारायचीस, फिरली का.’

तिच्या बोलण्यात राग नव्हता. कापूस कधी वेचला, किती वेचला हे सांगावं तशी सांगत होती. राग असता तर मी त्याला धरून रडले तरी असते. सव्वादोन महिने रोज पहाटे ती माझ्या एका शब्दासाठी फोन करत होती आणि मी रोज तिच्याकडूनच तो शब्द मागत होते. एक वाक्य. मी म्हणाले असते तर ती त्याच दिवशी निघाली असती.

ती म्हणाली, ‘काप की. जेवायचं हाय.’

मी तिचं पुढचं बोट धरलं. नेलकटर नखाच्या आत गेला आणि कातडी कापली. रक्ताचा थेंब आला, फिकट, पाण्यासारखा. मी पदरानं ते बोट दाबून धरलं आणि मला हुंदका आवरेना. तिनं दुसऱ्या हातानं माझं डोकं आपल्या मांडीवर घेतलं आणि थोपटत राहिली, लेकराला थोपटावं तसं.

‘काही न्हाई झालं, अक्का,’ ती म्हणाली. ‘काही न्हाई झालं.’